नेपथ्य करणारं कोणी पटकथाकार झालंय का?

नेपथ्यवाली_पंचवटी: अकरा वर्षं नाशिकच्या हौशी नाटकांचं नेपथ्य करतेय. साईखेडकर नाट्यगृहात दुपारी फ्लॅट, म्हणजे रंगवलेल्या भिंतींच्या चौकटी, उभे करायचे, रात्री उतरवून टेम्पोत भरायचे. यंदा पहिल्यांदाच एका लघुपटाची पटकथा लिहिली. ग्रुपमधल्या ज्येष्ठांनी दोन पानं चाळून परत दिली, "तू आपलं खिळे-फळ्या बघ" म्हणाले. फार लागलं. या वाटेनं कोणी गेलंय का?

गोदाकाठ: ताई, हान्स जाकोबी. जर्मन मूकपटांत नेपथ्य करायचे, मग पटकथेकडे वळले. हॉलिवूडमध्ये १९४५ मध्ये टारझनपट लिहिला, १९५१ मध्ये हम्फ्री बोगार्ट या नटाच्या 'सिरोको'च्या पटकथेत वाटा होता. पण तुम्ही बघाच तो १९५८ चा जर्मन सिनेमा 'एस गेशाह आम हेलिश्टन टाग' (म्हणजे 'भरदिवसा घडलं'). पटकथा तिघांची: स्विस नाटककार ड्युरेनमाट, दिग्दर्शक लादिस्लाओ वायदा आणि जाकोबी. एका लहान मुलीचा खून झालाय. माग लागतो तो तिनंच काढलेल्या चित्रावरून: राक्षसाएवढा माणूस आणि काटेरी गोळे. तपास करणारा अधिकारी खुन्याच्या जाण्यायेण्याच्या रस्त्यावर पेट्रोलपंप चालवायला घेतो आणि वाट बघत बसतो. पुढचं सांगत नाही. एक चित्र आणि एक जागा, एवढ्यावर सिनेमा तोललाय. तिघांत कल्पना कोणाची का असेना, नेपथ्य केलेल्या माणसाला ती परकी वाटली नसणार. दार कुठल्या बाजूला उघडतं हे तुम्हाला पहिली ओळ लिहायच्या आधीच दिसतं. बाकीच्यांना ते तालमीत कळतं.

त्र्यंबकरोड: आणि आपले दादासाहेब फाळके? जन्म त्र्यंबकेश्वरचा, १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत केला आणि लगेच नाशकात येऊन सिनेमे काढू लागले. चित्रकला शिकलेला माणूस, लिहायचेही स्वतःच. ताई, पटकथा मला पाठवा, मी पूर्ण वाचतो.

नेपथ्यवाली_पंचवटी: दोघांचेही मनापासून आभार. गोदाकाठ, तुम्ही दाराचं लिहिलंत आणि अंगावर काटा आला. माझी गोष्टच दाराची आहे. जुन्या वाड्याचं दार पावसात फुगतं, कडी बसत नाही, म्हणून आजी रात्रभर दाराला पाठ लावून बसते. सून तिला आत झोपायला बोलावते तो प्रसंग संवादांनी भरून टाकलाय मी. आज ते संवाद काढते. सुनेनं नुसती उशी आणून शेजारी बसायचं. उद्या रात्रीपर्यंत पाठवते, त्र्यंबकरोड.