प्रतिसाद : आन्तोनियो झेवियर त्रिंदाद

मुंबईतील धनिकांची व्यक्तिचित्रे काढणारे चित्रकार, एवढ्यावर वरील चर्चेत त्रिंदाद यांची बोळवण झाली आहे, ती मला पटत नाही. १८७० साली सांगे येथे जन्मलेल्या या गोमंतकीयाने मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिक्षण घेऊन पुढे तिथेच अध्यापन केले. बॉम्बे आर्ट सोसायटीचे सुवर्णपदक १९२० साली त्यांच्या ज्या चित्राला मिळाले, ते कुणा शेठजींचे नव्हे, विसावलेल्या पत्नीचे होते. पणजीत फुंदासांव ओरिएंत या पोर्तुगीज सांस्कृतिक संस्थेच्या संग्रहातील त्यांची चित्रे (छापील प्रतींवर विसंबू नये) जवळून पाहिली, की गडद पार्श्वभूमीतून चेहरा उजेडात आणणारा हात ओळखू येतो. कन्या आंजेला याही चित्रकार झाल्या. मात्र त्यांनी वडिलांची वास्तववादी वाट सोडून ख्रिस्ती विषय भारतीय शैलीत रंगवले.