मदत हवी आहे: विंडो एसी हिवाळ्यात काढून कसा ठेवावा?

दीड टनाचा विंडो एसी थंडीपुरता काढायचा आहे. माळ्यावर जागा आहे, पण उंची कमी, त्यामुळे आडवा ठेवावा लागेल. चालेल का? आणि प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळला तर धूळ-उंदरांपासून वाचेल ना?

प्रतिसाद १
आडवा अजिबात नको. कॉम्प्रेसरच्या तळातलं तेल गॅसच्या नळ्यांत उतरतं. तसाच चालू केला तर कॉम्प्रेसर तेलावाचून फिरतो, किंवा तेलच दाबायला जाऊन निकामी होतो. शिवाय कॉम्प्रेसर रबरी बुशांवर उभा असतो. आडवं केलं की वजनाचा ताण नळ्यांच्या सांध्यांवर येतो आणि गॅस गळू शकतो. वजनही 50 किलोच्या आसपास, त्यामुळे माळा विसरा. उतरवताना दोघं लागतीलच. पुढची जाळी धरून उचलू नका, ती हातात येते.

प्रतिसाद २
वरचं बरोबर. पण एसी जास्त खराब होतात ते ओलीने. काढण्याआधी कोरड्या दिवशी तीन-चार तास नुसत्या फॅनवर चालवा, म्हणजे आतली कॉइल वाळेल. तळाचा ट्रे मात्र याने वाळत नाही. बऱ्याच मॉडेलांत मागच्या पंख्याने उडवून मागची कॉइल गार करावी म्हणून तिथे मुद्दाम पाणी साचू देतात. बूच असेल तर काढा, नसेल तर एसी किंचित मागे कलता करून निथळू द्या आणि फडक्याने टिपा. हे राहिलं की पत्रा गंजतो आणि उन्हाळ्यात पहिल्याच दिवशी कुबट वास येतो. फिल्टर कोमट पाण्याने धुऊन सावलीत वाळवा. मागच्या कॉइलवर मऊ ब्रश पात्यांच्या दिशेनेच फिरवा, आडवा फिरवला तर पाती मुडपतात.

धागाकर्ता
माळा रद्द. मग गुंडाळायचं कशात?

प्रतिसाद २
जुनी सुती चादर. घट्ट प्लास्टिकमध्ये दमटपणा कोंडतो, आणि उंदराला प्लास्टिक म्हणजे काहीच नाही. वायर कुरतडू नये म्हणून मागच्या बाजूला बारीक तारेची जाळी बांधा. खाली लाकडी पट्ट्या, वर काहीही ठेवायचं नाही. रिमोटमधले सेल काढा. स्क्रू पिशवीत घालून एसीलाच चिकटवा, नाहीतर मार्चमध्ये शोधत बसाल.

प्रतिसाद १
परत बसवताना वाटेत कलंडला असेल तर सरळ उभा करून 24 तास थांबा, मगच चालू करा. बसवताना मागची बाजू अर्धा-एक सेंटीमीटर खाली असू द्या, नाहीतर पाणी घरात येईल.