भावकीचा वाद आणि पोलीस बंदोबस्त : आपले अनुभव लिहावेत

वाळवेकर : परवा शेजारच्या शिवारात मोजणीसाठी पोलिसांची गाडी आली आणि वडिलांच्या हयातीतील एक ऊसतोड आठवली. टोळी फडात उतरली त्याच सकाळी चुलत्यांनी सामाईक रस्त्यावर ट्रॅक्टर आडवा लावला. वडिलांनी संरक्षणाचा अर्ज दिला, तेव्हा 'ही दिवाणी बाब आहे, कोर्टात जा' असे उत्तर मिळाले आणि शांतता राखण्याची नोटीस मात्र दोन्ही बाजूंना सारखीच बजावण्यात आली. तोडलेला ऊस उन्हात वाळून वजनाला घटत राहिला. कोणाला संरक्षण मिळाले असल्यास ते कोणत्या कागदावर मिळाले, हे कृपया लिहावे.

कोरेगावची सून : आम्हांला मिळाले, पण ते मोजणीपुरतेच. भूमी अभिलेख कार्यालयाचे पत्र घेऊन आम्ही बंदोबस्ताचे शुल्क भरले, आणि सासूबाईंच्या जाऊबाई मागच्या वेळी बांधावरच बसून राहिल्या होत्या म्हणून महिला कॉन्स्टेबलही मागून घेतली. पोलिसांसमोर त्यांनी भूकरमापकाला चहासुद्धा विचारला. गाडी वळणाआड गेली आणि हद्दीच्या खुंट्या उपटून आमच्याच गोठ्यात फेकल्या गेल्या. मोजणीच्या नकाशाची 'क' प्रत तेवढी हाती राहिली, आणि पुढे दाव्यात तीच उपयोगी पडली.

माणदेशी : चहा विचारला म्हणजे भावकी अजून शाबूत आहे म्हणायची! आमच्याकडे पाणीही विचारत नाहीत.

निवृत्त हवालदार, फलटण : ठाण्याची बाजूही ऐकावी. वाटप न झालेल्या जमिनीत प्रत्येक सहहिस्सेदाराचा ताबा कायदा मानतो, मग तोंडी वाटणीच्या भरवशावर आम्ही कोणाला हुसकावणार? मनाई हुकुमाची प्रमाणित प्रत आणि पोलीस मदत देण्याचा न्यायालयाचा आदेश, जो दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खाली मागता येतो, हे दोन्ही अर्जाला जोडलेले असले, तर साहेबांना माणसे देणे सोपे जाते. ताब्यावरून मारामारीची शक्यता असेल तर पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 145, म्हणजे 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 164, लावता येते. पण त्यात कार्यकारी दंडाधिकारी प्रत्यक्ष ताबा कोणाचा होता एवढेच पाहतात, मालकी ठरवत नाहीत. वाळवेकर, आपल्या वडिलांचा अर्ज खरे तर तहसीलदारांकडे जायला हवा होता. अडवलेला वहिवाटीचा रस्ता मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली खुला करून मिळतो, मात्र अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत दावा दाखल करावा लागतो.

वाळवेकर : हे त्या वेळी कोणी सांगितले असते तर निदान पुढचा हंगाम तरी वाचला असता.

द्राक्षबाग, तासगाव : माझे प्रकरण जमिनीइतकेच जिवाचेही होते. मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलांइतका हक्क देणाऱ्या, हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीनुसार मी वाटपाचा दावा लावला, आणि हक्कसोड पत्रावर सही करीत नाही म्हणून भावांनी बागेत पाऊल ठेवल्यास तंगडी तोडण्याची धमकी दिली. ठाण्यात त्याची अदखलपात्र नोंद झाली. वकिलांच्या सल्ल्याने मी पुढच्या अर्जात हिस्सा, सातबारा, फेरफार यांतले काहीच लिहिले नाही; धमकी कोणी, कधी, कोणासमोर आणि कोणत्या शब्दांत दिली, एवढेच लिहिले. त्यानंतर भावांना चांगल्या वर्तणुकीचे बंधपत्र द्यावे लागले. छाटणीच्या दिवसांत मी मजुरांसोबत बागेत जाते, थोरली वहिनी लांबून पाहते आणि धाकटी डबा पाठवते.

माणदेशी : ताई, डब्यात काय असते तेही लिहा.

द्राक्षबाग, तासगाव : बहुधा शेंगदाण्याची चटणी आणि भाकरी. दावा अजून चालू आहे.

कोरेगावची सून : हवालदारकाका, खुंट्या उपटल्याची तक्रार द्यायची असल्यास ती ठाण्यात द्यावी की भूमी अभिलेखकडे? आमच्या मामंजींना उद्या तालुक्याला जायचे आहे.

निवृत्त हवालदार, फलटण : दोन्हीकडे द्यावी, सोबत 'क' प्रतीची झेरॉक्स जोडावी आणि पोच घेतल्याशिवाय परत फिरू नये.