विस्थापिताचा शिक्का नातवंडांनी पण वागवायचा का?

सोलापुरी_पोरगा: १९९२-९३ च्या युद्धात जॉर्जियापासून फुटून निघालेल्या अबखाझिया या भागातून २ लाखांवर जॉर्जियन माणसं बाहेर पडली आणि आपल्याच देशात निर्वासित झाली. जॉर्जियातल्या त्स्काल्तुबो गावाला सोव्हिएत काळातली आरोग्यधामं होती, तिथं खोलीखोलीत बिऱ्हाडं शिरली ती काहींची पंचवीस-तीस वर्षं हलली नाहीत. राजधानी तिबिलिसीच्या इव्हेरिया हॉटेलात लोकांनी बाल्कन्या प्लायवूडनं बंद करून खोल्या वाढवल्या होत्या, ते रिकामं झालं २००४ ला. विस्थापित हा दर्जा तिथं पोरांना पण लागतो. माझं म्हणणं, पक्कं घर द्या आन् शिक्का पुसून टाका, किती पिढ्या चालवायचं?

भीमाकाठची: दादा, असं पुसता येत नाही ओ. युद्धातलं नाही आमचं, पण करमाळ्याकडचं आमचं जुनं गाव उजनीच्या पाण्यात गेलं. धरणग्रस्ताचा दाखला आजीनं ट्रंकेत, लुगड्याच्या घडीत, दुधाच्या पिशवीत गुंडाळून ठेवलेला. वडलांना नाही, मला पण नाही, नोकरीला कुणालाच उपयोग झाला नाही त्याचा. तरी उन्हाळ्यात पाणी उतरून पळसदेवचं देऊळ उघडं पडलं की आजी काठावर न्या म्हणायची, आणि नुसत्या पाण्याकडं बोट करून हितं आड होता, तितं आपली चिंच होती, असं सांगत बसायची. ते गाव होतं याला तेवढा एक कागदच पुरावा आहे.

जुनी_मिल_चाळ: ताई, आजींचं मनाला लागलं. पण तुमचं गाव परत येणार नाही हे पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं, म्हणून माणसं नव्या गावठाणात रुजली. त्या जॉर्जियन माणसांचं घर अबखाझियात उभं आहे, दुसरं कुणीतरी राहतंय त्यात, मग हितं भिंतीला रंग लावायला पण हात धजत नाही माणसाचा. आणि विस्थापितांच्या पोरांसाठी वेगळ्या शाळा काढल्या होत्या जॉर्जियात! ज्या लेकरानं सुखुमी, म्हणजे अबखाझियाची राजधानी, बघितलं नाही त्याला रोज वर्गात आठवण द्यायची, हे चूकच.

भीमाकाठची: शाळेचं पटलं. पण नुसत्या घरानं भागतं का? २००८ च्या रशिया-जॉर्जिया युद्धानंतर जॉर्जियातल्या त्सेरोवानीला विस्थापितांसाठी २००० च्या आसपास घरं बांधली, एका साच्यातली, रांगेनं. शेतकऱ्याला घर मिळालं, रान कुठाय?

सोलापुरी_पोरगा: बरं, दर्जा राहू दे, एवढं मी मागं घेतो. पण विस्थापितांना महिन्याला ४५ लारी (तिकडचं चलन) सरसकट वाटण्यापेक्षा ज्याला रान नाही, काम नाही त्याला जास्त द्या. आणि वेगळी शाळा नकोच, त्यावर मी ठाम आहे.