प्रकरण, लफडं की सूत?

दर्यापूरकर: गावच्या वाचनालयाच्या भिंतीवर दिलीपकुमार-मधुबालावर चार ओळी लावायच्या आहेत. मी 'प्रेमप्रकरण' लिहिलं, तर आमचे आबाजी म्हणाले, "प्रकरण तं कोर्टात असते बाप्पा. त्यायचं सूत जुयलं होतं." 'सूत जुळणे' लेखनात चालेल का, की चेष्टा वाटेल?

वणीची लेक: चालते ना दादा. पण सूत जुळतं ते लोकांच्या नजरेआड. चारचौघांत ठरते ती सोयरीक. फक्त 'लफडं' लिहू नका. आपल्याकडे लफडं म्हणजे आधी भांडण, प्रेम नंतर. धुऱ्याचं, म्हणजे शेताच्या बांधाचं लफडं, पाण्याचं लफडं. 'भानगड' आणि 'झेंगट' यांचंही तेच. प्रेमाला आपण सगळे शब्द कटकटीचेच दिले!

पुसदचे गुरुजी: आबाजींचं म्हणणं नेमकं आहे. प्रकरण म्हणजे ग्रंथाचा भाग, मग विषय, मग कचेरीतला कागद. प्रेमाला लावलं की चौकशीचा वास येतो. इथं मात्र खरंच कोर्टाचं प्रकरण झालं. 'नया दौर'च्या चित्रीकरणासाठी मधुबालाला भोपाळकडे पाठवायला तिचे वडील अताउल्ला खान तयार नव्हते. बी. आर. चोप्रांनी वैजयंतीमालाला घेतलं, वाद कोर्टात गेला आणि दिलीपकुमारनं चोप्रांच्या बाजूनं साक्ष दिली. सिनेमा १९५७चा. म्हणून दोघांच्या 'तराना' सिनेमाच्या, म्हणजे १९५१च्या आसपासच्या दिवसांना सूत म्हणा, पुढच्याला प्रकरण.

दर्यापूरकर: मग शेवटी 'बापानं सोयरीक मोडली' लिहू का?

वणीची लेक: नका लिहू. दिलीपकुमारनं आत्मचरित्रात उलटं सांगितलं आहे: वडिलांचा लग्नाला विरोध नव्हता, त्यांची स्वतःची चित्रसंस्था होती आणि दोन्ही नट एकाच छपराखाली आले तर त्यांना हवेच होते. दिलीपकुमारला तो व्यवहार पटला नाही. त्याच्या बाजूनं पाहिलं तर 'फिसकटलं' हाच शब्द. मोडायला कोणीतरी मोडणारा लागतो. फिसकटतं ते बोलणी करता करता. मधुबालाची बाजू तिच्या तोंडून आपल्याला मिळाली नाही, म्हणून 'दिलीपकुमारच्या सांगण्यानुसार' एवढं जोडा.

पुसदचे गुरुजी: मान्य. आणि 'मुघल-ए-आझम' १९६०ला लागला तेव्हा हे सारं संपून गेलं होतं, तेही लिहा. पडद्यावरचं पाहून लोकांचा गोंधळ होतो.

दर्यापूरकर: लिहितो. त्याच वर्षी तिनं किशोरकुमारशी लग्न केलं. आबाजी तिला 'खंडव्याची सून' म्हणतात, तेही टाकू?

वणीची लेक: टाका की! अकोटवरून गाडी जायची खंडव्याला. आपल्या शेजारचीच सून झाली ती.