गेमिंगसाठी ९०० बाय ४०० ची डेस्क मॅट खरंच लागते का?

दोनफुटी_टेबल (डोंबिवली)

नवीन पीसी जोडणाऱ्या प्रत्येकाला हल्ली एकच सल्ला मिळतो: "९०० बाय ४०० मिलिमीटरची मॅट घेऊन टाक, विषय संपला." अशा तीन मॅट वापरून झाल्यावर माझं मत अगदी उलट झालंय. ते इथे मांडतोय. पटलं नाही तर खोडून काढा.

मॅटचं खरं काम म्हणजे माउसला रोज, प्रत्येक कोपऱ्यात सारखाच पृष्ठभाग देणं. आता त्याला जागा किती लागते ते मोजता येतं. व्हॅलोरंट या नेमबाजीच्या गेममध्ये ८०० डीपीआय (माउस एक इंच सरकला की तो किती टप्पे मोजतो, तो आकडा) आणि ०.४ सेन्सिटिव्हिटी (त्या हालचालीवर गेममधली नजर किती फिरते, ते प्रमाण) ठेवली, तर गेममध्ये एक पूर्ण गिरकी घ्यायला माउस साधारण ४१ सेंमी सरकवावा लागतो. पाठीमागच्या माणसाकडे वळायचं तर त्याच्या निम्मं, म्हणजे २० सेंमी. ४५ बाय ४० सेंमीच्या मॅटवर माउस मधोमध ठेवला की दोन्ही बाजूंना तेवढी जागा मिळते.

उलट ९० सेंमीच्या मॅटवर पूर्ण आकाराचा कीबोर्ड ठेवलात की ४४ सेंमी तिथेच गेले. माउसला उरले ४६. म्हणजे निम्मे पैसे आपण कीबोर्डखाली अंथरलेल्या कापडाचे देतो. वर्षभराने माउसखालचा भाग घासून गुळगुळीत झाला की कोऱ्या राहिलेल्या अर्ध्या भागासकट सगळी मॅट टाकून द्यायची.

आणि धुणं! एवढी मॅट बादलीत मावत नाही, बाथरूमच्या फरशीवर पसरून घासावी लागते. रबर असल्यामुळे पिळता येत नाही. गेल्या जुलैमध्ये माझी वाळायला तीन दिवस लागले आणि तरी कुबट वास राहिलाच.

त्याच पैशात ४५ बाय ४० ची, चांगल्या विणीची मॅट घ्यावी. कीबोर्ड टेबलावरच असू द्या.

कळफलक (पुणे)

गणित बरोबर आहे, पण कीबोर्ड सरळ ठेवणाऱ्यासाठी. कमी सेन्सिटिव्हिटीवर खेळणारे किती जण तो सरळ ठेवतात? मी तिरका ठेवतो, उजवा कोपरा वर सरकवून, म्हणजे माउस मोकळा डावीकडे येतो. तुमची ४५ ची मॅट वापरायची तर कीबोर्डचा एक पाय मॅटवर आणि बाकीचे टेबलावर राहतात. ४ मिमी जाडीचा फरक असला तरी तो डुगडुगतो. ऐन मारामारीत शिफ्ट दाबताना कीबोर्ड हलला की काय होतं, हे ज्याने अनुभवलंय त्यालाच कळेल.

दुसरं म्हणजे आवाज. आमच्या घरी टेबल प्लायवूडचं, आत पोकळ. मेकॅनिकल (खटखट वाजणाऱ्या बटणांचा) कीबोर्ड थेट त्यावर ठेवला की रात्री एक वाजता पलीकडच्या खोलीत आई जागी होते. मॅट अंथरल्यापासून ती तक्रार बंद झाली. माझ्यासाठी हे एकच कारण पुरेसं आहे.

आणि पूर्ण आकाराचा कीबोर्ड गेमिंगला हवाच कशाला? अंकांचा भाग नसलेला कीबोर्ड साधारण ३६ सेंमीचा असतो. माउसला ५४ उरतात.

भाऊ_नागपूरकर

भाऊ, दोघंही लांबी-रुंदीवर भांडताय. मॅट निवडताना ती शेवटची गोष्ट. पहिली गोष्ट कापड.

आमच्याकडे मे महिन्यात खोलीत कूलर चालतो. बाहेर हवा कोरडी ठणठणीत, पण कूलरसमोर बसलं की मॅट दमट होते, त्यात हाताचा घाम. खडबडीत विणीच्या 'कंट्रोल' मॅटवर माउस मग चिखलात रुतल्यासारखा वाटतो. विशेषतः जागेवरून हलवताना. एकदा सुटला की ठीक जातो, पण तो पहिला झटकाच नेम चुकवतो. समोरच्याच्या डोक्यापासून क्रॉसहेअर (पडद्यावरची नेमाची खूण) दोन केस दूर असतो तेव्हा तेवढंच अंतर सरकवायचं असतं, आणि नेमका तिथेच माउस अडतो.

म्हणून कॉर्ड्युरासारखं घट्ट, कमी पाणी शोषणारं कापड बघा. मी उन्हाळ्यात तसलं वापरतो आणि थंडीत साधं कापड. आकार दोन्हींचा ४५ बाय ४०. दोन ९०० च्या मॅट ऋतूप्रमाणे बदलत बसणं मला जमलं नसतं, तेव्हा तेवढ्यापुरता मी डोंबिवलीकरांच्या बाजूने.

जाडीबद्दलही बोला कोणी. ६ मिमी मऊ मॅटवर हात दाबला की माउस किंचित रुततो, त्यामुळे थांबवणं सोपं जातं. पण सेन्सर काही माउसमध्ये त्या दाबाने गडबडतो. मला ३ ते ४ मिमी बरी वाटते.

दोनफुटी_टेबल (डोंबिवली)

@कळफलक, डुगडुगण्याचा मुद्दा मान्य. मी कीबोर्ड सरळ ठेवतो म्हणून तो माझ्या ध्यानातच आला नव्हता. पण आवाजासाठी कीबोर्डखाली जुन्या मॅटचा तुकडा पुरतो. जाडी सारखी निवडली तर पाय डुगडुगण्याचाही प्रश्न मिटतो.

@भाऊ, कापडाबद्दल शंभर टक्के सहमत. मुंबईच्या बाजूला जून ते सप्टेंबर तीच रड असते.

कळफलक (पुणे)

तुकडा कापून बघितलाय मी. कापलेल्या कडेचे धागे आठवड्यात सुटायला लागतात आणि कापड रबरापासून उचलतं. शिलाई असलेल्या कडा उगाच नसतात. मात्र विकत घेताना ती शिलाई बोटाने चाचपून बघा. स्वस्त मॅटवर ती कापडाच्या वर उभी राहते आणि मनगटाला करवतीसारखी घासते. चांगल्या मॅटवर कापडाच्या पातळीच्या खाली असते.

किनारपट्टी (पणजी)

समुद्राजवळ राहणाऱ्यांनी कापडाचा नादच सोडावा असं माझं मत. वर्षातले आठ महिने हवा ओली. मी काचेची मॅट घेतली. साधी काच नव्हे, वरून बारीक खरबरीत केलेली, नाहीतर बऱ्याच माउसचा सेन्सर नीट चालत नाही. पुसली की कोरी. दमटपणाने तिचा वेग बदलत नाही.

भाऊ_नागपूरकर

काच बदलत नाही, पण हात बदलतो ना. घामेजलेला कोपरापुढचा हात काचेला चिकटतो, मग वरून बाही घाला. शिवाय माउसखालच्या टेफ्लॉनच्या पट्ट्या कापडापेक्षा काचेवर लवकर झिजतात, त्या बदलायचा खर्च वेगळा. आणि काचेवर माउस सुटतो फार. शत्रूचा माग काढत राहण्याच्या खेळांत ठीक. व्हॅलोरंट, काउंटर-स्ट्राइकमध्ये माउस जागच्या जागी थांबवता आला पाहिजे.

किनारपट्टी (पणजी)

बाही घालतो मी, आणि दोन आठवड्यांत सवय झाली. थांबवणं हाताने शिकायचं असतं. पट्ट्यांचं खरं आहे, त्या मी बदलल्यात.

रात्रपाळी (नाशिक)

मी फक्त स्ट्रॅटेजी आणि रेसिंग खेळतो. माझ्यासाठी कुठलीही चालते. एक सांगतो, दिव्यांची किनार असलेली घेऊ नका. तिची वायर नेमकी माउसच्या वाटेत येते आणि ती मॅट पाण्यात घालता येत नाही.

दोनफुटी_टेबल (डोंबिवली)

सगळ्यांना एक विनंती. वाद घालण्याआधी आपली जुनी मॅट खिडकीशी तिरपी धरा. जिथे माउस खरोखर फिरलाय तिथे कापड चमकतं. त्या चमकत्या डागाची लांबी-रुंदी मोजा. माझा डाग ३१ बाय २२ सेंमी भरला.

कळफलक (पुणे)

मोजला. ४४ बाय २९. पण डागाचा डावा १२ सेंमीचा पट्टा माझ्या तिरक्या कीबोर्डच्या खालच्या कडेच्या अलीकडे, माझ्या बाजूला येतो. म्हणजे ४५ ची मॅट घेतली तर कीबोर्ड तिच्यावर चढणारच. माझी सेन्सिटिव्हिटी ०.३ आहे, गिरकीला ५४ सेंमी. तेव्हा मी ९०० वरच राहतोय, फक्त पुढची मॅट कॉर्ड्युराची बघतो. धुण्याबद्दल मात्र सांगतो: कोमट पाणी, भांड्याच्या साबणाचे चार थेंब, मऊ ब्रश. मग मोठ्या टॉवेलमध्ये गुंडाळी करून वरून दाबायचं, पाणी टॉवेल ओढून घेतो. त्यानंतर पंख्याखाली आडवी ठेवायची. उन्हात नको, रबर कडक होतं. अशी माझी एका रात्रीत वाळते, ऑगस्टमध्येसुद्धा.

दोनफुटी_टेबल (डोंबिवली)

टॉवेलची गुंडाळी मी कधी केली नव्हती. कपाटावर ठेवलेली तिसरी मॅट या रविवारी तशी धुऊन बघतो आणि किती वेळ लागला ते इथेच लिहितो.