सीटबेल्ट नव्हता म्हणून भरपाई शून्य?

कुणीतरी लिहिलंय की गाडीच्या अपघातात जखमी झालेल्या माणसाने सीटबेल्ट लावला नव्हता म्हणजे भरपाईची केस संपली, दमडी मिळणार नाही. असं नसतं हो. इन्शुरन्सवाले हे मुद्दाम ठासून सांगतात, म्हणजे समोरचा घाबरून मिळेल त्यावर सही करतो. निष्काळजीपणे गाडी कुणी चालवली हा एक प्रश्न, आणि इजा किती वाढली नि कुणामुळे हा दुसरा, कोर्टं हे दोन्ही वेगळे धरतात.

इंग्लंडमधला १९७५ चा फ्रूम विरुद्ध बुचर हा निकाल याच गोष्टीवर आहे. न्यायाधीश लॉर्ड डेनिंगने तिथे सरळ हिशोबच घालून दिला, बेल्टमुळे इजा पूर्ण टळली असती तर भरपाईत २५ टक्के कपात, इजा बरीच कमी झाली असती तर १५ टक्के, आणि बेल्ट लावूनही तेवढंच लागलं असतं तर कपात अजिबात नाही! त्या केसमध्ये डोक्याला आणि छातीला मार होता, शिवाय एक बोट मोडलं होतं, पण बोट बेल्ट असता तरी मोडलंच असतं म्हणून त्याचे पैसे कापले नाहीत. तेव्हा तिकडे बेल्ट सक्तीचाही नव्हता, तरी कपात झाली, ते मला जरा कडक वाटतं. पण शून्य आणि पंचाहत्तर टक्के यात केवढा फरक आहे बघा. बाकी देशांत टक्केवारी वेगळी असेल, पण बेल्टमुळे नेमकी कुठली जखम टळली असती ते आधी डॉक्टरकडून लेखी घ्या, सहीचं नंतर बघू.